तरास, जाच, छळ : वऱ्हाडातून एका अभ्यासाची प्रस्तावना

अमरावती किंवा अकोला जिल्ह्यातल्या कुठल्याही पोलीस ठाण्यातली कौटुंबिक छळाची फिर्याद घ्या, तिची चाल ठरलेली असते. लग्न अमुक दिवशी रीतिरिवाजाप्रमाणे झाले. सुरुवातीला सासरच्या मंडळींनी चांगले वागवले. त्यानंतर क्षुल्लक कारणावरून वाद घालून, माहेरहून पैसे आण म्हणून शारीरिक व मानसिक छळ केला, शिवीगाळ केली, जिवे मारण्याची धमकी दिली. नावे आणि तारखा बदलतात, वाक्ये तीच राहतात. ठाण्याबाहेरच्या बाकड्यावर बसलेली तीच बाई सोबत आलेल्या मावशीला मात्र वेगळेच सांगत असते. "सासू पोया मोजून ठेवे. माहेरी फोन लावू देत नोती. लेकराले ताप आला तरी दवाखान्यात नेऊ देत नोते." मोजलेल्या पोळ्या, हिसकावलेला फोन, तापलेले लेकरू हे सगळे 'मानसिक छळ' या दोन शब्दांत जमा होते आणि मग कोणालाच दिसत नाही. यात ठाणे अंमलदाराला बोल लावून उपयोग नाही. कलमाला जी भाषा लागते, तीच तो लिहितो.

या दोन शब्दांत गडप झालेला तपशील पुन्हा वर काढणे, हेच छळाच्या अभ्यासाचे मुख्य काम आहे असे माझे मत आहे. ही प्रस्तावना त्या कामाकडे नव्याने वळणाऱ्यांसाठी आहे. संत गाडगे बाबा अमरावती विद्यापीठाच्या पाच जिल्ह्यांत कोणी समाजकार्य शिकत असेल, कोणी कायदा, कोणी परिचर्या, कोणी मराठीत एम. ए. करत असेल. या सगळ्यांना इथे जागा आहे आणि सगळ्यांचीच गरज आहे. मराठीच्या विद्यार्थ्याला वाटते, यात आपले काय काम? खरे तर पहिले काम त्याचेच. छळ कोणत्या शब्दांत सांगितला जातो हे कळल्याशिवाय वकील काय मांडणार आणि डॉक्टर काय तपासणार?

जगभर हे क्षेत्र इंग्रजीतून वाढले आणि त्या भाषेत 'ॲब्यूज' हा एकच शब्द फार कामे करतो. अधिकाराचा गैरवापर हाही ॲब्यूज, शिवीगाळ हाही ॲब्यूज, मुलावरचा लैंगिक अत्याचार हाही आणि म्हाताऱ्या आईला उपाशी ठेवणे हाही. 'मॉलट्रीटमेंट' त्याहून मोजका आहे, कोणाला तरी वाईट वागवणे एवढ्यापुरता. मराठीने ही कामे वाटून दिली आहेत: गैरवापर, शिवीगाळ, शोषण, अत्याचार, आबाळ, हेळसांड, जाच, छळ. भाषांतर करणाऱ्याला ही वाटणी अडचणीची वाटते, अभ्यासकाला ती मोठी सोय आहे. आबाळ आणि हेळसांड हे शब्द काय केले नाही त्याकडे बोट दाखवतात. जाच रोजचा असतो, एका दिवसाच्या मारहाणीला कोणी जाच म्हणत नाही. छळ हा शब्द संस्कृत 'छल'वरून आला. छल म्हणजे कपट, आणि न्यायशास्त्रात तर समोरच्याच्या बोलण्याचा मुद्दाम भलताच अर्थ काढून त्याला खोटे पाडणे यालाच छल म्हणतात. मराठीत अर्थ पीडेकडे सरकला, पण जुना अर्थ 'छळकपट' या जोडीत टिकून आहे. घरातल्या छळातही तो जिवंत आहे. "तुझ्या भल्यासाठीच बोलतो", "असं कधी झालंच नाही", "तुझ्याच डोक्यात काहीतरी आहे" ही वाक्ये ऐकून ऐकून बाईचा स्वतःच्या आठवणीवरचा विश्वास उडतो, तेव्हा पीडा आणि कपट वेगळे काढता येत नाहीत.

खेड्यातला वऱ्हाडी माणूस मात्र यातले बहुतेक शब्द वापरतच नाही. तो 'तरास' म्हणतो. पोटाचा तरास, शेजाऱ्याचा तरास, सावकाराच्या तगाद्याचा तरास, दारुड्या नवऱ्याचाही तरासच. प्राथमिक आरोग्य केंद्रात आलेली बाई "लय तरास होते" म्हणते आणि डॉक्टर पोट तपासून गोळ्या देतो. "कसला तरास?" हा दुसरा प्रश्न राहून जातो, किंवा नवरा शेजारी उभा असताना विचारला जातो, म्हणजे राहूनच जातो. मुंबईत वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात 2000 साली 'सेहत' संस्था आणि महापालिकेने 'दिलासा' केंद्र सुरू केले त्यामागे हेच निरीक्षण होते: मार खाल्लेली बाई पोलिसांकडे जाण्याच्या कितीतरी आधी दवाखान्यात येते. त्याआधी 1984 मध्ये टाटा समाजविज्ञान संस्थेने मुंबईच्या पोलीस आयुक्तालयातच स्त्रिया व मुलांसाठी विशेष कक्ष उघडला होता. पुढे ही कल्पना राज्यभर पसरली. या दोन प्रयोगांचा इतिहास प्रत्येक नव्या विद्यार्थ्याने मुळातून वाचावा. ऐकणाऱ्याची जागा बदलली की सांगितले जाणारेही कसे बदलते, ते त्यातून कळते.

आणखी एक शब्द कान देऊन ऐकण्यासारखा आहे: नांदवणे. "पोरीले नांदवत नाहीत थे लोकं" असे बाप म्हणतो, तेव्हा क्रियापदाचा कर्ता सासर असते. मुलगी स्वतः नांदत नाही, तिला नांदवले जाते किंवा नांदवले जात नाही. या एका वाक्यात छळ, हुंडा, माहेरी आणून घालणे, सगळे आले आणि कोणाला काही उघडून सांगावेही लागले नाही. बापाची इच्छाही त्यातच आहे: नांदवावे. अनेक तक्रारी फौजदारी गुन्ह्याच्या रूपाने दाखल होतात, पण माहेरच्यांच्या मनात असते ते "समजावून सांगा आणि नांदवायला लावा". हे न कळलेला कार्यकर्ता समेटाच्या बैठकीत गोंधळून जातो.

छळाचा विचार पश्चिमेकडून आला, असा समज या क्षेत्रात येताना बरोबर आणू नका. 1881 मध्ये सुरतेच्या न्यायालयाने विजयालक्ष्मी नावाच्या तरुण विधवेला भ्रूणहत्येबद्दल फाशी सुनावली, ती पुढे काळ्या पाण्यावर आली. त्यावर वर्तमानपत्रांनी समस्त स्त्रीजातीच्या नीतीचा पंचनामा मांडला. तो वाचून वऱ्हाडातल्या बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी 'स्त्री-पुरुष तुलना' लिहिले. 1882 साली ते पुण्यात छापले गेले. जोतीराव फुले यांनी 'सत्सार'मध्ये ताराबाईंची बाजू घेतली आणि मग पुस्तक विस्मरणात गेले. स. गं. मालशे यांनी 1975 मध्ये ते पुन्हा वाचकांपुढे आणले. आपल्या दृष्टीने त्यातली पद्धत मोलाची आहे. स्त्रियांवर ठेवलेले दोष ताराबाई एकेक करून हातात घेतात आणि प्रत्यक्ष घरात, दारात, बाजारात तो दोष कोण करतो, ते उदाहरणांनी दाखवतात. गोळाबेरीज आरोपाला तपशिलाने उत्तर. वऱ्हाडातल्या अभ्यासकाने आपली वंशावळ इथून सुरू करावी, असे मला मनापासून वाटते.

पाश्चात्त्य वैद्यकाला जाग आली ती क्ष-किरणांमुळे. अमेरिकेत जॉन कॅफी यांनी 1946 मध्ये लहान मुलांच्या अशा चित्रांकडे लक्ष वेधले, ज्यांत डोक्यातल्या रक्तस्रावाबरोबर हातापायांची मोडलेली हाडे दिसत होती. 1962 मध्ये डेन्व्हरचे बालरोगतज्ज्ञ हेन्री केम्प आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'मार खाल्लेल्या मुलाचा लक्षणसमूह' मांडला. त्यातली कळीची गोष्ट अशी: एकाच मुलाच्या अंगात एक हाड नुकते मोडलेले, दुसरे सांधत आलेले, तिसरे कधीच सांधून गेलेले. आईबाप सांगतात, पाळण्यातून पडला. पाळण्यातून एकदा पडण्याने तीन वेगवेगळ्या वयांच्या जखमा होत नाहीत. छळाला कालावधी असतो, हे त्या चित्रांत पहिल्यांदा डोळ्यांना दिसले. जागतिक आरोग्य संघटनेने पुढे मुलांच्या छळाची व्याख्या करताना दुसरी गोष्ट जोडली: जबाबदारी, विश्वास किंवा सत्ता यांचे नाते. अनोळखी माणसाने रस्त्यात मारले तर तो गुन्हा आहेच, पण ज्याच्या हातचे खायचे त्यानेच मारले की आपले क्षेत्र सुरू होते. काळ आणि नाते या दोन खुणा सांभाळल्या तर शब्दांच्या जंगलात वाट चुकणार नाही.

आपल्या सर्वोच्च न्यायालयाने या खुणा एका मराठी घराच्या खटल्यात ओळखल्या. दास्ताने विरुद्ध दास्ताने, 1975. अर्जदार नवरा. न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांचे निकालपत्र वाचताना लक्षात येते की न्यायालयापुढे मारहाण जवळजवळ नव्हतीच. होते ते असे: तान्ह्या मुलीच्या जिभेला तिखट लावणे, नवरा कचेरीतून येण्याच्या वेळेला दाराला कुलूप घालणे, मध्यरात्री दिवे लावून उशाशी बसून भांडणे, मंगळसूत्र तोडणे. न्यायालयाने ही क्रूरता मानली. पुढे नवऱ्याने ती माफ केली असे धरून अर्ज फेटाळला, तो भाग वेगळा. महत्त्वाचे हे की जिवाला धोका झाला पाहिजे, ही इंग्रजी कायद्यातली जुनी अट इथे लागू होत नाही असे ठरले. आदर्श नवरा-बायको डोळ्यांपुढे न ठेवता समोर उभ्या असलेल्या याच दोन माणसांच्या आयुष्यात हे वागणे काय करते, ते पाहायचे. छळ हा फक्त बाईचा विषय आहे असे धरून चालणाऱ्यांनीही हा निकाल वाचावा आणि छळ म्हणजे वळ एवढेच समजणाऱ्यांनीही.

मग 1983 मध्ये भारतीय दंड संहितेत कलम 498-अ आले, 2005 मध्ये कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण करणारा कायदा झाला, आणि 1 जुलै 2024 पासून 498-अ ची जागा भारतीय न्याय संहितेच्या 85 व 86 या कलमांनी घेतली. कलमांचा तपशील पुस्तकात मिळेल. इथे सांगायचे आहे ते वेगळेच. 2005 च्या कायद्यात हिंसेचे शारीरिक, लैंगिक, शाब्दिक व भावनिक आणि आर्थिक असे प्रकार आहेत, आणि संरक्षण अधिकाऱ्याने भरायच्या घटना अहवालात एकेक कृती नावानिशी छापलेली आहे: खायला, औषधाला पैसे न देणे, मुलगा झाला नाही म्हणून टोचून बोलणे, घराचा एखादा भाग वापरू न देणे, पगार काढून घेणे. ठाण्यातल्या फिर्यादीत जे हरवते ते या नमुन्यात जागेवर राहू शकते. तो नीट भरला जातो का, हा स्वतंत्र संशोधनाचा विषय आहे आणि कोणीतरी तो घ्यावा.

'खोट्या तक्रारीं'चा प्रश्नही इथेच येतो. तो टाळू नका. 2014 च्या अर्नेश कुमार निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशा प्रकरणांत सरसकट अटक करू नये असे बजावले, तेव्हापासून चावडीवर आणि वकिलांच्या खोलीत एकच वाद चालतो: बहुतेक खऱ्या की बहुतेक खोट्या? मला वाटते, ठरीव वाक्यांची फिर्याद हीच यातली मोठी अडचण आहे. साच्यातल्या भाषेत खरी आणि खोटी तक्रार हुबेहूब सारखी दिसते. तपशील असला की पडताळणी होते: फोन कधीपासून बंद होता, लेकराला दवाखान्यात शेवटी कोणी आणि कधी नेले. तपशील पीडितेला न्याय देतो आणि निरपराधालाही.

साच्यात गेलेल्या शब्दाचे आणखी काय होते, हे पाहायचे तर अकोला जिल्ह्याकडे वळावे लागेल. 1974 मध्ये धाकली या गावी गवई या दलित बंधूंचे डोळे काढण्यात आले. दलित पँथरने त्यांना मुंबईत आणले, प्रश्न देशापुढे ठेवला आणि 'अत्याचार' हा शब्द मराठी वर्तमानपत्रांत एका विशिष्ट, जातीच्या अर्थाने रुजला. 1989 च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याने त्याला कायद्याचे बळ दिले. आज बोलण्यात त्या कायद्याचे नाव 'ॲट्रॉसिटी' आहे. आता वाक्य ऐका: "त्यानं माझ्यावर ॲट्रॉसिटी केली." हे वाक्य बहुधा आरोपीच्या तोंडी असते. अर्थ असा की त्याने माझ्याविरुद्ध तक्रार दिली. ज्या शब्दात डोळे गमावलेल्या माणसांची वेदना होती, तोच शब्द आज बोलीत तक्रारदाराला करणारा आणि आरोपीला सोसणारा करून ठेवतो. "तिनं आमच्यावर 498 टाकली" याचीही रचना तीच. हे वाक्य सहज बोलणाऱ्या माणसाच्या मनात दुष्टपणा असतोच असे नाही, भाषा त्याच्यासाठी आधीच तयार असते. म्हणून शब्दांची नोंद ठेवणारा माणूस या क्षेत्रात हवा.

मोजणीचे शास्त्रही आपल्याला तपशिलाकडेच नेते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या प्रश्नावलीत "तुमचा छळ होतो का?" असे विचारत नाहीत. नवऱ्याने कधी थप्पड मारली का? हात पिरगळला का, केस ओढले का? ढकलले, काही फेकून मारले का? लाथ मारली, फरपटत नेले का? गळा दाबला, भाजले का? प्रत्येक कृती वेगळी विचारतात. अमेरिकेत मरे स्ट्रॉस यांनी 1970 च्या दशकात घडवलेली ही पद्धत. याच पद्धतीने 2019-21 च्या फेरीत महाराष्ट्रातल्या 18 ते 49 वयाच्या विवाहित स्त्रियांपैकी सुमारे 25 टक्के स्त्रियांनी नवऱ्याची हिंसा सांगितली. एका घरात एकाच स्त्रीला हे प्रश्न विचारायचे आणि एकांत मिळाला नाही तर विचारायचेच नाहीत, हा तिथला नियम आहे. तुमचा प्रबंध कितीही अडला तरी हा नियम मोडू नका. मुलाखत संपवून तुम्ही एसटीने घरी परत येता. ती त्याच घरात राहते.

पण थप्पड मोजता येते, मोजलेल्या पोळ्या मोजता येत नाहीत. त्यासाठी दुसरी पद्धत लागते आणि ती आपल्या घरचीच आहे. मोर्शी तालुक्यातल्या रिद्धपूरला तेराव्या शतकात म्हाइंभटांनी 'लीळाचरित्र' सिद्ध केले. चक्रधरस्वामींना पाहिलेल्या माणसांकडे जाऊन त्यांनी एकेक प्रसंग विचारून घेतला. कुठे घडले, कोण होते, कोण काय बोलले, एवढेच, बेताच्या वाक्यांत. दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत तर पाठभेदही परंपरेने जपले. श्रद्धेचा ग्रंथ म्हणून त्याचे मोल ज्याचे त्याने ठरवावे. नोंद कशी घ्यावी, याचा इतका शिस्तशीर मराठी नमुना मला दुसरा माहीत नाही. छळाची मुलाखत लिहून घेताना असेच लिहावे: जागा, माणसे, तोंडचे शब्द. अनुमान शेवटी, वेगळ्या पानावर. बोलीची प्रमाण मराठी करू नये. ओव्यांचेही तसेच. हेमा राईरकर आणि गी पॉइट्व्हँ यांनी 1980 च्या दशकापासून जमवलेल्या जात्यावरच्या ओव्यांचा लाखाहून मोठा संग्रह आज उपलब्ध आहे. त्यातल्या सासुरवासाच्या ओव्या म्हणजे पिढ्यान्‌पिढ्यांची साक्ष. मात्र तो बराचसा पुणे जिल्ह्याच्या डोंगरपट्ट्यातला आहे, वऱ्हाडच्या गाण्यांसाठी इथल्याच म्हाताऱ्या बायांकडे जावे लागेल, आणि त्या फार दिवस थांबणार नाहीत.

सर्वांत अवघड प्रश्न मेळघाटात आहे. कोरकू वस्त्यांत तान्ह्या बाळाचे पोट फुगले, शिरा दिसू लागल्या की तापवलेल्या लोखंडाने पोटावर चटके देतात. याला डंबा म्हणतात, कुठे डम्मा. फेब्रुवारी 2025 मध्ये चिखलदरा तालुक्यातल्या सिमोरी गावातल्या 22 दिवसांच्या बाळाच्या पोटावर 65 चटके आढळले. बातमी देशभर गेली. हा छळ आहे का? इजा भयंकर आहे, यात दोन मते नाहीत, ती थांबलीच पाहिजे. पण काळ आणि नाते या आपल्या दोन खुणा इथे लावून पाहा. नाते मायेचे आहे, आणि घरचे ज्या रात्री हे करतात ती रात्र बाळ वाचावे म्हणूनची असते. मेळघाटातल्या बालमृत्यूंची चर्चा 1990 च्या दशकापासून चालू आहे, बऱ्याच पाड्यांवरून दवाखाना लांब आहे आणि भूमका, म्हणजे गावातला वैदू-मांत्रिक, जवळ. याच तालुक्यातल्या रेट्याखेड्यात 2024 च्या अखेरीस एका वृद्ध स्त्रीला जादूटोण्याच्या संशयावरून मारहाण करून तिची धिंड काढली गेली, त्यात मात्र माया कुठेही नव्हती. वर्तमानपत्रात दोन्ही बातम्या अंधश्रद्धेचे अघोरी प्रकार म्हणूनच आल्या आणि 2013 चा जादूटोणाविरोधी कायदाही दोन्हींकडे बोट दाखवतो. अभ्यासकाने त्या वेगळ्या ठेवल्या पाहिजेत. पहिल्या घटनेत घरच्यांना आरोपी ठरवून पुढचे बाळ वाचेल की त्यांची आणि दवाखान्याची ओळख होऊन वाचेल, याचे उत्तर तपशिलात आहे: त्या रात्री कोणाला बोलावले, आधी कुठे नेले होते का, रुग्णवाहिका मागितली होती का. दुसऱ्या घटनेत विचारायचे प्रश्न दुसरे आहेत: त्या बाईच्या नावावर शेत किती, आणि तिच्याशी वैर कोणाचे.

हे प्रश्न मराठीत विचारून चालणार नाही. कोरकू ही मराठीची बोली नव्हे. ती मुंडा कुळातली स्वतंत्र भाषा आहे, आणि परक्या माणसापुढे कोरकू बाई मोडक्या हिंदीत जेवढे सांगते त्याला साक्ष म्हणता येत नाही. मेळघाटात काम करू इच्छिणाऱ्याने धारणी किंवा चिखलदऱ्याला राहून आधी ती भाषा शिकावी. आमच्या पिढीतल्या बहुतेकांनी ते केले नाही, दुभाष्यावर भागवले. तुमच्यापैकी दोघा-तिघांनी जरी ते मनावर घेतले तरी या विषयाचे पुढचे पुस्तक आजच्यासारखे राहणार नाही.